तळटीपेची जागा

किल्ला कोर्टासमोर, कमानीखाली
माझं मशीन, एक स्टूल, कार्बनची पेटी.
दर पानामागे.
तळटीपांचं पान असलं तर चार आणे जास्त,
कारण खालची जागा आधीच मोजून सोडावी लागते,
वरचा मजकूर कुठवर जाईल ते ठाऊक नसताना.

त्रिलोकेकर बाई पहिल्यांदा आल्या तेव्हा मी
लालबागच्या एका सोडावॉटरच्या कारखान्याची
वाटणी टाईप करत होतो.
दोन सख्खे भाऊ. थोरल्याला यंत्रं, धाकट्याला जागा.
बाई खांद्यावरून वाचत उभ्या राहिल्या
आणि म्हणाल्या, अहो, हे तर माझं दुसरं प्रकरण.

चारशे वर्षांमागे लंडनात
वकिली शिकणाऱ्या पोरांनी नाताळात नाटक रचलं,
मग राणीपुढे जाऊन केलं.
राजा जिवंतपणीच राज्य दोन मुलांत वाटतो.
भाऊ भावाला मारतो, आई उरलेल्याला,
लोक आईबापांना. शेवटी वारसच नाही.
राणीला मूल नव्हतं, धुरी.
आणि पोरं वकिलीतली. अर्ज न करता
अर्ज कसा करावा, हे त्यांना शिकवावं लागत नाही.

एवढे मुडदे, म्हणजे रंगमंच लाल झाला असेल?
एक थेंब नाही, म्हणाल्या.
सगळं पडद्याआड. निरोप्या येतो, उभा राहतो, सांगतो.
ही रीत रोमकडची.

मी म्हटलं, आमच्या गावच्या जत्रेत दैत्य
तीनदा पडतो, तीनदा उठतो,
पेटीवाला थकल्याशिवाय मरत नाही.
बाई इतक्या हसल्या की बाजूचा नोटरी वळून बघायला लागला.
मग पर्समधून कागद काढून त्यांनी ते लिहून घेतलं.

अर्थ मला निम्माच कळायचा.
पण नाटकातल्या ओळी टाईप करताना
बोटं आपोआप लंगडायची,
हलकं-जड, हलकं-जड, पाच वेळा,
मग घंटी.
यमक नव्हतंच त्यांच्यात. यमकाच्या जागी
माझ्या मशीनची घंटी वाजायची.

अंक सुरू होण्याआधी एक मुका खेळ:
रानटी माणसं काठ्यांची मोळी मोडू बघतात, मोडत नाही,
सुटी काठी मात्र कटकन मोडते.
मी हात थांबवला. बाई, ही गोष्ट
आम्हाला शाळेत होती. कण्हेरीच्या फोकाने समजावलेली.
मग यांनी ती कुठून घेतली?
बाईंनी चष्मा काढला.
पाचवं प्रकरण, म्हणाल्या. उगम.
ते काही अजून जमत नाहीये.

पान एकशे त्रेचाळीस, तळटीप नऊ:
जत्रेतल्या दैत्याबद्दल श्री. धुरी, टंकलेखक, यांचे आभार.
माझंच नाव टाईप करताना एक अक्षर चुकलं.
बाई म्हणाल्या, राहू दे, पुरावा आहे तो.

एप्रिलात, टळटळीत दुपारी
ठाकूरद्वारहून एक मुलगा आला.
घाम पुसला नाही. स्टुलावर बसला नाही.
त्याने तोंड उघडण्याआधीच मी ओळखलं
हा कोण आहे.
हृदय, म्हणाला. रात्री झोपेत.
म्हणजे तेही पडद्याआड.

मशीनमध्ये पाचव्या प्रकरणाचं पहिलं पान होतं.
वर मथळा. खाली पेन्सिलची बारीक खूण,
तळटीपेसाठी सोडलेल्या सात ओळी.
मधे काही नाही.

पहिली प्रत भाच्याने नेली, दुसरी विद्यापीठात गेली,
तिथून काही कळलं नाही.
तिसरी, पुसट, माझ्याकडे आहे.

ते पान मी दोन दिवस रोलरवरून काढलं नाही.
तिसऱ्या दिवशी सोडावॉटरवाले आले, अपील घेऊन,
या खेपेला वेगवेगळे, एक सकाळी, एक संध्याकाळी.
त्यांच्या कागदाला तळटिपा नव्हत्या.
साधा दर लावला.